फरक तेवढा ठेवणारी पेटी

चोर आला तो दूधवाल्याच्या चालीनं आला, म्हणून पेटीला तो दिसलाच नाही.

बरं, अंधारात आला असता तरी एक वेळ समजलं असतं. हा पठ्ठ्या साडेसहाला आला, चांगलं उजाडल्यावर, आणि वानखड्यांच्या अंगणातल्या स्कूटरची बॅटरी काढून घेऊन गेला. ऋजुता तेव्हा आत चहा गाळत होती. फाटकाची कडी वाजलेली तिनं ऐकली, पण ती त्या वेळी रोजच वाजते. नंतर कॅमेऱ्याच्या पेटीत पाहिलं तर बापूराव दूधवाले येतात, पायरीवरच्या पातेल्यात दूध ओततात आणि जातात. चेहरा बापूरावांचा, टोपी बापूरावांची. आणि इकडे बापूराव गळ्याला हात लावून सांगत होते की त्या दिवशी गाडी पंक्चर झाली होती आणि ते सातला आले. दोन दिवस अख्ख्या शिवार नगरानं दूध घेताना त्यांच्याकडे असं काही पाहिलं, की बिचारे प्रत्येक घरी पाव लिटर जास्तच ओतून गेले.

तिसऱ्या दिवशी पेटीच्या कंपनीचा संदेश सगळ्यांच्या फोनवर आला आणि बापूराव सुटले. रोजच्या माणसाची वेळ, कपडे आणि चाल यांची नक्कल केली तर पेटी फसू शकते, असं कंपनीनं लेखी कबूल केलं होतं. तीस तारखेच्या आत फर्मवेअर, म्हणजे पेटीच्या आतला मूळ प्रोग्रॅम, अपडेट करून घ्या. नाहीतर पेटी पोलिसांच्या पहाऱ्याला जोडलेली राहणार नाही.

परतवाड्याच्या त्या कॉलनीत सव्वीस घरं आणि सव्वीस पेट्या. अपडेट म्हटल्यावर सगळ्यांचे चेहरे पडले. ऋजुता मात्र लगेच म्हणाली, मी करते. अकरावीत गेल्यापासून तिचं हे असंच चाललं होतं. स्टेजवर माईक हातात घेतला की आपले पाय लटपटत नाहीत, उलट मजा येते, हे तिला याच वर्षी कळलं होतं. तेव्हापासून ती कुठल्याही कामात मांजरासारखी आधी डोकं घालायची, मग अंग.

ती गुजरी बाजारातल्या जयमालाकाकूंच्या दुकानात गेली. कॉलनीतल्या सगळ्या पेट्या काकूंनीच बसवल्या होत्या. काकूंनी तिच्याकडून पाठच करून घेतलं. पेटीच्या पोटाखालचा मॉडेल नंबर वाचायचा, फोनवरच्या संदेशात दिसला म्हणून नाही लिहायचा. फाइल फक्त कंपनीच्या साइटवरून घ्यायची, कुणी ग्रुपवर पाठवली तर हात लावायचा नाही. फाइलसोबत अंकाक्षरांची एक लांबलचक ओळ येते, तो तिचा अंगठ्याचा ठसा. उतरवलेल्या फाइलचा ठसा काढून एकेक अक्षर ताडून पाहायचं, एक जरी चुकलं तरी ती फाइल फेकायची. जुन्या नोंदी आणि सेटिंग दुसऱ्या डिस्कवर काढून ठेवायच्या. पेटी इन्व्हर्टरवर घ्यायची. आणि एकदा सुरू केलं की बावीस मिनिटं कुणी तिकडे फिरकायचं नाही.

"मधेच लाईट गेली तर पेटीची वीट होते," काकू म्हणाल्या. "मग ती दाराला अडसर म्हणून लावा."

पंधरा घरांत ऋजुतानं हे बिनचूक केलं. शेंडेकाकूंनी तिला चिवडा दिला, देशपांड्यांच्या आजोबांनी खाली वाकून तिला नमस्कार करायचा तेवढा बाकी ठेवला. स्वतःचं घर तिनं मुद्दाम मागे ठेवलं होतं, निवांत करू म्हणून.

निवांतपणा तसा त्या घरात भरपूर होता. बाबा, म्हणजे मुकुंदराव, फिल्टर प्लांटवर पंप ऑपरेटर. कायमची रात्रपाळी त्यांनी स्वतःच मागून घेतली होती. ते सकाळी साडेसातला घरी येत, ऋजुता सात वीसला कॉलेजला निघे. दुपारी ती येई तेव्हा ते झोपलेले असत. संध्याकाळी ते उठून डबा घेऊन निघत तेव्हा ती क्लासला. फ्रिजवर चिठ्ठ्या असत. गॅस संपत आला. भात झाकून ठेवला आहे. सही करून ठेवली आहे. ऋजुता कधीकधी जपून ठेवलेल्या जुन्या चिठ्ठ्या काढून वाचायची, आणि तिच्या लक्षात यायचं की बाबांचा आवाज कसा आहे हे आठवायला आपल्याला थोडा वेळ लागतो.

आई तीन वर्षांपूर्वी गेली. डेंग्यूनं, पाच दिवसांत.

तर शनिवारी दुपारी, बाबा आत झोपलेले असताना, ऋजुतानं टीव्हीखालची पेटी पुढे ओढली. जुन्या नोंदी दुसऱ्या डिस्कवर काढायच्या आधी त्या नीट उघडतात ना हे बघायचं असतं. म्हणून तिनं सहज चोरीचा दिवस लावला. मंगळवार, नऊ एप्रिल. सहा वाजून दहा मिनिटं.

दार उघडलं आणि आई बाहेर आली.

डोक्यावरून घेतलेली मरून शाल, एका हातात रांगोळीची वाटी. आई पायरीवर थांबली, आभाळाकडे बघितलं, डाव्या हातानं गुडघा धरून वाकली आणि ठिपके टाकू लागली. चेहरा स्पष्ट दिसत होता. नाकाच्या शेंड्यावरचा तीळसुद्धा.

ऋजुतानं तारीख परत वाचली. मग सोमवार लावला. आई. रविवार. आई. मार्च, फेब्रुवारी, मागच्या वर्षीची दिवाळी. रोज सहा दहाला आई बाहेर येत होती आणि रांगोळी काढून आत जात होती. ऋजुतानं परत मंगळवार लावला. कारण ती रांगोळी तिनं काढलेली होती. मंगळवारचं ते कमळ तिचं होतं, त्याची एक पाकळी चुकून जाड झाली होती आणि ती तशीच जाड, समोर पडद्यावर, आईच्या बोटांतून गळत होती.

चपला पायात सरकवून ती तशीच गुजरीत गेली.

जयमालाकाकूंनी ऐकून घेतलं आणि आधी तिला पाणी दिलं. मग पेटी कशी चालते ते सांगितलं. ते नीट समजून घ्यायला हवं, कारण पुढचं सगळं त्यावर आहे.

पूर्वीच्या पेट्या दिसेल ते सगळं साठवायच्या आणि पंधरा दिवसांत भरून जायच्या. ही नवी जात हुशार. ती आधी घर शिकून घेते. कुठल्या वेळी ऊन कुठं येतं, कोण कधी येतं, कसं चालतं, कुठं थांबतं. मग प्रत्येक क्षणी ती स्वतःशी अंदाज बांधते की आता असं असं दिसेल. कॅमेऱ्यातलं दृश्य अंदाजाशी बऱ्यापैकी जुळलं की ती चित्र ठेवतच नाही, नुसती खूण करते, नेहमीप्रमाणे. जुळलं नाही तर जेवढा फरक आहे तेवढाच ठेवते. आपण रेकॉर्डिंग लावलं की अंदाजानं सगळं चित्र काढते आणि त्यावर तो फरक चिकटवून दाखवते. म्हणून दहा वर्षांचं अंगण नखाएवढ्या चिपमध्ये मावतं.

"रोजच्या भाताचं कोण काय सांगते?" काकू म्हणाल्या. "खडा लागला तरच बोलतो ना आपण. तसं आहे ते. जो माणूस जितका रोजचा, तितका तो पेटीत कमी."

ऋजुताला पुढचं न सांगताच कळलं. आई गेल्यावर तेरा दिवस दारात रांगोळी नव्हती. पेटीनं ते तेरा दिवस फरक म्हणून इमानेइतबारे ठेवले. मग शेंडेकाकू म्हणाल्या, उंबरा बोडका ठेवू नये पोरी. चौदाव्या दिवशी सहा दहाला, आईच्या शालीत, आईच्या चालीची, आईच्या उंचीला पोचलेली कुणीतरी आईच्या जागी वाकली. पेटीनं खूण केली, नेहमीप्रमाणे. रांगोळी तेवढी रोज वेगळी, म्हणून ती खरी राहिली. काढणारी पुसली गेली.

"आणि अपडेट केल्यावर?"

अपडेटनंतर पेटी जुना अंदाज टाकून देते आणि कोरी पाटी घेऊन बसते, काकूंनी सांगितलं. जुन्या नोंदी उघडतात, पण त्यात फरक तेवढेच दिसतात, बाकी सगळं राखाडी. तो अंदाज त्याच चिपला बांधलेला, बाहेर काढून ठेवता येत नाही. आणि एकदा पुढे गेलेली पेटी मागे येत नाही, जुनी आवृत्ती ती स्वीकारतच नाही.

"करू नको वाटलं तर नको करू," काकू म्हणाल्या. "पण तुझ्या बाबांना विचार हो. ते दर महिन्याला येतात माझ्याकडं, ती पेटी पुसायला लावतात. पंख्यात धूळ बसली म्हणतात. नसते बसलेली."

सोमवारी ऋजुता नेहमीप्रमाणे सात वीसला निघाली आणि कोपऱ्यावर जरा वेळ काढून परत फिरली. प्रॅक्टिकलची वही विसरली, असं तिनं स्वतःलाच सांगितलं. मागच्या दारानं आली. बाबा आले होते. अंगावर प्लांटचा खाकी शर्ट तसाच, हातपायसुद्धा धुतले नव्हते. टीव्हीसमोर स्टूल घेऊन बसले होते, मांडीवर चहाचा कप. पडद्यावर आजची सकाळ होती. आई वाकली होती. बाबा पुढे झुकून बघत होते, आगगाडीच्या खिडकीतल्या माणसाकडे फलाटावरून बघतात तसे. आई आत गेली तेव्हा त्यांनी परत पहिल्यापासून लावलं.

ती आवाज न करता निघून गेली. त्या दिवशी वादविवादाच्या स्पर्धेत ती पहिली आली आणि घरी येऊन तिनं ते फ्रिजवर लिहून ठेवलं. दुसऱ्या दिवशी खाली बाबांच्या अक्षरात लिहिलेलं होतं, शाब्बास.

एकोणतीस तारखेला दुपारी सगळी तयारी झाली. मॉडेल नंबर पाहिला, फाइल उतरवली, जुने फरक दुसऱ्या डिस्कवर गेले, पेटी इन्व्हर्टरवर आली. पेटी आईच्या नावावर होती, त्यामुळे मंजुरीचा ओटीपी आईच्या फोनवर येणार, आणि तो फोन कपाटात साड्यांच्या खाली होता, त्याचा रिचार्ज बाबा अजून भरत. बाबा झोपले होते. बावीस मिनिटांचं तर काम. उठल्यावर सांगता आलं असतं की मुदत संपत होती, नाइलाज झाला, चोर परत आला असता. हे सगळं खरंच होतं. ऋजुताकडे मुद्देसुद्धा क्रमानं तयार होते. कपाटाच्या मुठीला तिनं हात लावला, आणि तिला वाटलं की असं केलं तर या घरात आणखी एक माणूस न विचारता नाहीसं होईल.

ती बाबांच्या उशाशी जाऊन बसली. ते जागे होईपर्यंत बसून राहिली. पाऊण तासानं त्यांनी डोळे उघडले आणि तिला बघून दचकले. ताप आला का, म्हणून विचारलं.

"बाबा," ती म्हणाली, "तुम्ही सकाळी पेटीत जिला बघता ना, ती आई नाही. मी आहे."

मुकुंदराव उठून बसले. चष्मा चाचपला, लावला नाही.

"माहीत आहे मला."

"कधीपासून?"

"पहिल्या दिवसापासून. तुझ्या आईची रेघ कधी हलायची नाही. तुझी रांगोळी म्हणजे सुरुवातीला पावसात गांडुळं निघाल्यासारखी." ते हसले, आणि मग हसणं थांबवायला त्यांना जरा वेळ लागला. "हात तिचे दिसतात, रांगोळी तुझी. तेवढी एकच जागा आहे बेटा, जिथं तुम्ही दोघी एकदम दिसता. दुसरीकडं कुठं पाहू मी?"

ऋजुताचे सगळे मुद्दे गेले. माईकवर न अडखळणारी मुलगी चादरीची कड मुडपत बसली.

"मी तीन वर्षं त्या अंगणात एकटी असते बाबा," शेवटी ती म्हणाली. "तुम्ही तिकडं प्लांटवर. बघायला एक कॅमेरा आहे, तर त्यालाही मी दिसत नाही. एखाद दिवशी मला काही झालं ना, तर पेटी तुम्हाला रांगोळी पूर्ण करून दाखवेल."

बाहेर भंगारवाला ओरडत गेला. मुकुंदरावांनी चष्मा लावला. मग ते उठले, कपाट उघडलं आणि साड्यांच्या खालून फोन काढला.

"चार्ज करावा लागंल," ते म्हणाले.

फाइलचा ठसा त्यांनी दोघांनी मिळून ताडला. चौसष्ट अंकाक्षरं. बाबा पंपाच्या मीटरचं रीडिंग सांगतात तशी एकेक मोठ्यानं वाचत होते आणि ऋजुता पडद्यावर बोट ठेवून 'हं' म्हणत होती. इतका वेळ सलग त्यांचा आवाज तिनं किती दिवसांनी ऐकला होता. चौसष्टच का असतात, आणखी असती तर बरं झालं असतं, असं तिला वाटून गेलं. मग आईच्या फोनवर सहा आकडे आले. बाबांनी ते स्वतः टाकले, मालक म्हणून आता आपलं नाव आणि नंबर दिला आणि बटण दाबलं.

पेटीचा हिरवा दिवा लुकलुकायला लागला. आता नुसतं बसायचं होतं. दोघं स्टूल ओढून समोर बसले.

अकराव्या मिनिटाला पंखा बंद पडला. लाईट गेली होती. इन्व्हर्टर गुणगुणला, हिरवा दिवा एकदा विझल्यासारखा झाला आणि परत लुकलुकू लागला. दोघांनी एकाच वेळी श्वास सोडला. बघायला टीव्ही नव्हता, पेटीत काही दिसत नव्हतं, खिडकीतून ऊन येत होतं आणि समोर ऋजुता होती. बाबा तिच्याकडे बघत राहिले.

"केस कधी कापले तू?"

"संक्रांतीला."

"कुणी कापले?"

"मीच."

"मागून वाकडे आहेत जरा."

"मागचं मला कसं दिसणार?"

मुकुंदरावांनी तोंड फिरवलं. खिडकीकडे बघत ते म्हणाले की लाईट आली की कात्री आण, सरळ करून देतो.

अपडेट नीट झालं. केस त्यामानानं तितके नीट झाले नाहीत. संध्याकाळी दोघांनी जुन्या नोंदी उघडल्या. नऊ एप्रिल, सहा दहा. राखेच्या रंगाचं अंगण, पायरी नाही, दार नाही. मग हवेतून एक पांढरा ठिपका पडला, दुसरा पडला, आणि कुणीही नसताना एक रेघ वळत वळत निघाली. कमळ झालं. एक पाकळी जाड. त्यांनी ते शेवटपर्यंत पाहिलं आणि बाबांनी परत लावलं नाही.

मग ऋजुतानं त्या आधीची वर्षं शोधली, आईची खरी. सात वर्षांत पेटीनं आईचा फरक म्हणून ठेवलेला वेळ होता सत्तेचाळीस मिनिटं. त्यात आई शेवाळावरून घसरून बसकण मारते आणि एकटीच हसत सुटते. खराटा घेऊन वानराच्या मागे धावते, मग वानर तिच्या मागे. एकदा नुसतीच पायरीवर बसून राहते, कडेला ठेवलेली वाटी तशीच, चार मिनिटं. ती का बसली होती ते दोघांनाही माहीत नव्हतं. पण यातला एकही क्षण अंदाजाचा नव्हता. बाबा डबा घ्यायचं विसरून निघाले आणि फाटकातून परत येऊन घेऊन गेले.

दुसऱ्या दिवशी सहा दहाला ऋजुता अंगणात आली. घर मागे तसंच रिकामं होतं. ती वाकते न वाकते तोच भिंतीवरच्या स्पीकरमधून एक बाई अदबीनं बोलली. आपली ओळख पटलेली नाही. मालकांकडे विचारणा केली आहे, कृपया थांबावे.

कमाल आहे, ऋजुता मनाशी म्हणाली, पण थांबली. एक मिनिट गेलं, दोन गेली. बाबा पंपापाशी असतील, फोन टेबलावर असेल. आज लवकर आलेल्या बापूरावांनी फाटकातून किटली आत दिली आणि विचारलं की शिक्षा झाली का. चार मिनिटांनी स्पीकर धन्यवाद म्हणाला. तिनं आत जाऊन पडद्यावर पाहिलं. नाव, ऋजुता मुकुंद वानखडे. प्रकार, पाहुणी.

लेक म्हणजे पाहुणीच, आज ना उद्या जायची, हे शेंडेकाकूंनी म्हणावं, बाबांनी? तिनं तसाच फोन लावला. पलीकडे पंपांची घरघर होती.

"बाबा, मला पाहुणी काहून लिहिलं?"

"खाली बारीक अक्षरात आहे ते वाच."

तिनं वाचलं. घरातील व्यक्ती, नेहमीचे चित्र अंदाजाने पूर्ण केले जाईल. पाहुणे, प्रत्येक क्षण जसाच्या तसा ठेवला जाईल.

फोन कानाला तसाच ठेवून ती परत अंगणात आली.

"घरातली लिहिलं तर दोन महिन्यांत ती परत तुला न बघताच काढंल," बाबा म्हणाले. "मी तेच केलं इतके दिवस. जा, रांगोळी काढ आता. मी पाहून राहिलो."